किलोवर, पोत्यावर, ऑर्डरवर: 'गिग' काम नवं आहे, हे वाशिमला कोण सांगणार?

तुमच्या अंगावरची जीन्स उलट्या दिशेनं चालायला लागली, तर कुठे पोहोचेल? आधी दुकानात, मग कारखान्यात आणि शेवटी कुठल्यातरी वावरात.

मीखा पेलेड या माहितीपटकारानं हा उलटा प्रवास खरोखर केला आणि त्यातून तीन फिल्म्स तयार झाल्या. पहिली २००१ ची 'स्टोअर वॉर्स'. अमेरिकेतल्या एका छोट्या गावात वॉलमार्ट येणार म्हटल्यावर गावाचे कसे दोन तट पडतात, ते त्यात आहे. दुसरी २००५ ची 'चायना ब्लू'. चीनमधल्या जीन्सच्या कारखान्यात दोरे कापणाऱ्या आणि तिथेच खोल्यांत दाटीवाटीनं राहणाऱ्या कोवळ्या वयाच्या मुलींची ती गोष्ट. आणि २०११ साली आलेली 'बिटर सीड्स' थेट विदर्भात, यवतमाळ जिल्ह्यातल्या तेलुंग टाकळी गावात. पेरणीपासून वेचणीपर्यंत एक हंगाम, कापसाचा एक शेतकरी, सावकाराचं कर्ज आणि पत्रकार व्हायचं स्वप्न बघणारी गावातली एक मुलगी.

वाशिम जिल्ह्यातले मानोरा आणि कारंजा हे तालुके यवतमाळला लागूनच आहेत. तीच काळी माती, तोच कापूस आणि तोच सावकार. २००६ साली पंतप्रधान मनमोहन सिंग यांनी विदर्भासाठी ३,७५० कोटींचं पॅकेज जाहीर केलं, तेव्हा त्यातल्या ६ जिल्ह्यांच्या यादीत दोन्ही जिल्हे होते. त्यामुळे 'बिटर सीड्स' बघताना वाशिमच्या माणसाला वेगळं काही समजावून सांगावं लागत नाही.

पण या लेखाचा मुद्दा बियाणं नाही. पेलेडच्या तिन्ही फिल्म्स सलग बघितल्या की एक गोष्ट लक्षात येते. साखळीच्या एका टोकाला दुकानातली नोकरी आहे, मधे कारखान्यातली पाळी आहे आणि दुसऱ्या टोकाला वावरातली मजुरी आहे. आपल्याला शाळेपासून सांगितलं गेलं की प्रगती म्हणजे वावराकडून कारखान्याकडे आणि कारखान्याकडून ऑफिसकडे. गेल्या २०-२५ वर्षांत मात्र उलटंच काहीतरी घडतंय. शहरातलं काम हळूहळू वावरातल्या कामासारखं व्हायला लागलंय.

हे कसं, ते समजून घ्यायचं तर आधी आणखी काही फिल्म्सकडे बघू.

मिलच्या दारात उभा असलेला कॅमेरा

कारंजा हे 'शकुंतला'च्या मार्गावरचं स्टेशन. मूर्तिजापूर ते यवतमाळ अशी ही नॅरोगेज रेल्वे इंग्रजांच्या काळात घातली गेली, ती प्रवाशांच्या सोयीसाठी नव्हे तर कापसासाठी. वऱ्हाडातला कापूस या छोट्या गाडीनं मूर्तिजापूरला, तिथून मोठ्या गाडीनं मुंबईला आणि पुढे बोटीनं मँचेस्टरला जायचा. त्यातला काही कापूस मुंबईच्या मिल्समध्येच सूत होऊन निघायचा. म्हणजे आपल्या गावातली बाई जो कापूस वेचायची, त्याचं कापड करणारा माणूस लालबाग-परळच्या चाळीत राहायचा. दोघांची ओळख व्हायचं काही कारण नव्हतं.

१८ जानेवारी १९८२ ला डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली मुंबईतल्या सुमारे अडीच लाख गिरणी कामगारांनी संप पुकारला. तो रीतसर मागे घेतलाच गेला नाही, असं आजही म्हटलं जातं. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीनं मिलच्या जमिनीचा काही भाग विकायची वाट मोकळी करून दिली. मग कापड विणण्यापेक्षा जमीन विकणं मालकांना परवडायला लागलं.

आनंद पटवर्धन यांची १९९६ सालची छोटीशी फिल्म 'ऑक्युपेशन: मिल वर्कर' इथेच सुरू होते. न्यू ग्रेट ईस्टर्न मिलला चार वर्षं टाळं होतं. कामगार टाळं तोडून आत शिरतात आणि मिलचा ताबा घेतात. जेमतेम २० मिनिटांचा ऐवज आहे, पण शीर्षक मजेदार आहे. इंग्रजीत 'ऑक्युपेशन' म्हणजे व्यवसाय आणि 'ऑक्युपेशन' म्हणजेच ताबा. फॉर्मवरच्या रकान्यात 'व्यवसाय: गिरणी कामगार' लिहिणारी माणसं तो रकाना टिकवण्यासाठी कारखान्याचा ताबा घेतायत.

२००१ साली टाटा इन्स्टिट्यूट ऑफ सोशल सायन्सेसच्या अंजली मोंतेरो आणि के. पी. जयशंकर यांनी 'साचा' केली. त्यात कवी नारायण सुर्वे आहेत आणि चित्रकार सुधीर पटवर्धन आहेत. मिल्स संपत आल्यावर, ज्यांनी त्या मिल्सबद्दल लिहिलं आणि रंगवलं, त्यांच्या नजरेतून शहर बघायचा तो प्रयत्न आहे. एखादं काम नाहीसं व्हायला लागलं की मगच ते कलेचा विषय होतं की काय, अशी शंका ती फिल्म बघताना येते.

मग जॉन आणि जेन आले

२००५ साली अशिम अहलुवालिया यांची 'जॉन अँड जेन' आली. मुंबईतल्या कॉल सेंटरमधले सहा जण. रात्री काम, दिवसा झोप. फोनवर अमेरिकन नाव, अमेरिकन उच्चार. ट्रेनिंगमध्ये त्यांना अमेरिका शिकवली जाते, तिथली माणसं काय विकत घेतात आणि कशाची स्वप्नं बघतात, ते सगळं. सहापैकी एकाला या कामाचा मनापासून कंटाळा आहे. एक मुलगी मात्र त्या दुसऱ्या नावात इतकी शिरलीय की केसांचा रंगसुद्धा बदललाय.

त्या काळात पेपरांतून कॉल सेंटरबद्दल दोनच प्रकारच्या बातम्या यायच्या: 'तरुणांना पंचवीस हजार पगार' किंवा 'तरुण पिढी बिघडली'. फिल्म या दोन्हींत पडत नाही. ती फक्त त्या माणसांजवळ बसून राहते. ते फोन वाजायची वाट बघतात, जांभया देतात, पहाटे रिकाम्या रस्त्यानं घरी येतात.

माहितीपटाला बातमीपेक्षा वेगळं काही जमत असेल तर ते हेच, असं मला वाटतं. बातमी घटना दाखवते आणि माहितीपटाला वाट बघणं दाखवता येतं. कामाचा प्रश्न समजायला ते फार महत्त्वाचं आहे, कारण आजच्या कामातला खरा वाद वाट बघण्याच्या वेळेवरूनच आहे.

म्हणजे काय?

फूड डिलिव्हरी करणारा मुलगा दुपारी चार वाजता चौकात बाईकवर बसलाय. ऑर्डर नाही. ॲप चालू आहे, टी-शर्ट अंगात आहे, पेट्रोल स्वतःचं, बाईकचा हप्ता स्वतःचा. या एका तासाचे पैसे त्याला कोण देणार? कोणीच नाही. ऑर्डर आली तर ऑर्डरचे पैसे मिळणार. यालाच आपण 'गिग' काम म्हणतो. कायद्याच्या भाषेत, मालक-नोकर या नेहमीच्या नात्याच्या बाहेरचं काम.

नीती आयोगाच्या २०२२ च्या अहवालानुसार २०२०-२१ मध्ये देशात ७७ लाख गिग कामगार होते, आणि २०२९-३० पर्यंत ही संख्या २ कोटी ३५ लाखांवर जाईल असा अंदाज आहे. जगभर यावर फिल्म्स येतायत. शॅनन वॉल्श यांची 'द गिग इज अप' (२०२१) ही त्यातली एक. वेगवेगळ्या देशांतले टॅक्सीवाले, डिलिव्हरीवाले आणि घरात बसून कॉम्प्युटरला चित्रं ओळखायला शिकवणारे लोक त्यात दिसतात. आपल्याकडे अरण्य सहाय यांच्या 'ह्युमन्स इन द लूप' (२०२४) मध्ये झारखंडमधली एक आदिवासी बाई हेच डेटाचं काम करते, पण तो कथापट आहे.

या सगळ्या चर्चेत एक शब्द सतत येतो: 'नवं'. नवी अर्थव्यवस्था, नवं काम, नवा कामगार.

आता वाशिमला या.

कापूस वेचणीचा हिशेब

२०११ च्या जनगणनेनुसार वाशिम जिल्ह्याची लोकसंख्या सुमारे १२ लाख, आणि त्यातले १०० पैकी ८२ जण गावात राहणारे. १ जुलै १९९८ ला अकोल्यातून वेगळा झालेला हा जिल्हा. २०१८ मध्ये केंद्राच्या 'आकांक्षित जिल्ह्यां'च्या यादीत महाराष्ट्रातून जे चार जिल्हे आले, त्यातला हा एक. इथलं बहुतेक काम वावरातलं, आणि त्यातलं बरंचसं बायकांचं.

कापूस वेचणीची मजुरी किलोवर असते. सकाळी वावरात जायचं, कमरेला ओटी बांधायची, बोंडातून कापूस काढत पुढे सरकायचं आणि संध्याकाळी काट्यावर वजन करायचं. जितके किलो, तितके पैसे. पहिल्या वेचणीला झाडावर कापूस भरपूर, त्यामुळे किलोचा दर कमी. शेवटच्या वेचण्यांना कापूस विरळ, एका किलोसाठी जास्त चालावं लागतं, म्हणून दर वाढवून मागावा लागतो. पाऊस आला, काम बंद. वजन कमी भरलं, पैसे कमी. बाई आजारी पडली तर त्या दिवसाचं काहीच नाही. तिच्या कामात 'लॉग-इन' नाही, एवढाच फरक.

सोयाबीनची सोंगणी सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबरमध्ये येते. ती बहुतेक वेळा गुत्त्यानं दिली जाते, एकराचा दर ठरवून. आठ-दहा जणांची टोळी एकर उचलते, लवकर संपवलं तर दुसरं वावर धरते. बाजार समितीत हमालांची मजुरी पोत्यावर. हर्रास सुरू होईपर्यंत बसून राहायचं, त्या बसण्याचे पैसे नाहीत. दिवाळीनंतर जिल्ह्यातल्या तांड्यांवरून कितीतरी कुटुंबं ऊसतोडीला जातात. तिथे मजुरी टनावर. नवरा-बायको मिळून एक 'कोयता' धरला जातो. उचल मुकादमाकडून आधीच घेतलेली असते, आणि हंगामभर काम करून ती फेडायची असते. बायकोची स्वतंत्र हजेरी नाही. अगदी सरकारी रोजगार हमीच्या कामावरसुद्धा महाराष्ट्रात मातीच्या मोजमापावर मजुरी निघते. किती घनमीटर खोदलं ते मोजा, मग पैसे.

आपल्या भाषेतच हा भेद पक्का आहे. 'नोकरीला आहे' म्हणणारा माणूस आणि 'कामाला जातो' म्हणणारा माणूस एकच गोष्ट सांगत नसतात. नोकरी महिन्याची. काम रोजाचं किंवा गुत्त्याचं. मधे एक सालदार होता. गुढीपाडव्याला ठरायचा, वर्षभर एका घरी राबायचा, वर्षाचं धान्य आणि पैसे ठरलेले. त्याची गुलामीसारखी अवस्था आठवून कोणी हळवं व्हायचं कारण नाही. पण पाऊस पडला नाही तरी त्याचं साल चालू राहायचं. आता सालदार ठेवणारी घरंही कमी झाली आणि सालानं राहायला तयार असणारी माणसंही.

म्हणून मुंबई-पुण्यात बसून 'कामाचं स्वरूप बदलतंय' म्हणणाऱ्या फिल्म्स आणि रील्स बघताना वाशिमच्या माणसाला आश्चर्य वाटत नाही. ऑर्डरवर पैसे, वाट बघायचे पैसे नाहीत, साधनं स्वतःची, आजारपण स्वतःचं. हे तर तो लहानपणापासून बघतोय. नवं एवढंच की आता तोच करार इंग्रजी बोलणाऱ्या, पदवी घेतलेल्या, शहरात राहणाऱ्या मुलाच्या वाट्यालाही आला. म्हणून त्याला नाव मिळालं, अहवाल मिळाला आणि माहितीपटही मिळाले.

पण मग नगावर मजुरी मुळातच वाईट का?

इथे थोडं थांबायला हवं, कारण उत्तर सरळ 'हो' नाही.

मुंबईच्या मिल्समध्ये विणकरांना बऱ्याच ठिकाणी कापडाच्या हिशेबानंच पैसे मिळायचे. जितकं कापड, तितकी कमाई. म्हणजे ज्या गिरणी कामगाराकडे आपण 'पक्की नोकरी' म्हणून बघतो, तोसुद्धा नगावर काम करत होता. त्यातही 'बदली' कामगार असायचे. ते रोज पाळीच्या वेळी दारात उभे राहायचे, कोणी गैरहजर असेल तर आत जायचे, नाहीतर परत. हुबेहूब आजचा चौकातला डिलिव्हरीवाला.

फरक नगाच्या दरात नव्हता. फरक त्या दराच्या भोवती काय होतं यात होता. कायम कामगाराला प्रॉव्हिडंट फंड होता, ग्रॅच्युइटी होती, ईएसआयचा दवाखाना होता, दिवाळीचा बोनस होता. मशीन बंद पडलं तर काय, याचे नियम होते. आणि मुख्य म्हणजे, संप करता येईल असं दार होतं, ज्याच्या समोर उभं राहता येतं. पटवर्धनांच्या फिल्ममधले कामगार टाळं तोडू शकले, कारण तोडायला टाळं होतं. ॲपला टाळं कुठे लावणार आणि कुठलं तोडणार?

महाराष्ट्रानं या प्रश्नाचं एक उत्तर फार पूर्वी शोधलंय, आणि त्याची आठवण आता कमीच लोकांना आहे. १९६९ चा माथाडी कायदा. पाठीवर, डोक्यावर ओझी वाहणाऱ्या हमालांना एक मालक नसतो. आज या व्यापाऱ्याची पोती, उद्या त्याची. मग पीएफ कोण भरणार? अण्णासाहेब पाटलांच्या लढ्यातून आलेल्या या कायद्यानं तोडगा काढला. हमालांची नोंदणी मंडळाकडे, व्यापाऱ्यांचीही नोंदणी मंडळाकडे. मजुरी पोत्यावरच राहील, पण व्यापाऱ्यानं ती मंडळात भरायची, आणि तिच्यावर ठरलेली टक्केवारी 'लेव्ही' म्हणून वेगळी भरायची. त्या लेव्हीतून पीएफ, ग्रॅच्युइटी, बोनस, औषधोपचार. मालक बदलत राहिला तरी कामगाराचं खातं एकच.

राजस्थाननं २०२३ मध्ये गिग कामगारांसाठी देशातला पहिला स्वतंत्र कायदा केला, तो बघा: मंडळ, नोंदणी आणि प्रत्येक व्यवहारावर कल्याण शुल्क. साचा तोच आहे. पुढे २०२५ मध्ये कर्नाटकही त्याच वाटेनं गेलं. हमालांसाठी ५० वर्षांपूर्वी जे करता आलं ते ॲपवाल्यांसाठी करणं खरं तर सोपं, कारण ॲपकडे प्रत्येक व्यवहाराची नोंद आपोआप असते. हमालांच्या वेळी ती वहीत ठेवावी लागायची.

ऊसतोड कामगारांसाठीही राज्यात गोपीनाथ मुंडे यांच्या नावानं कल्याण महामंडळ आहे. गाळपाच्या प्रत्येक टनामागे कारखान्यांकडून १० रुपये घ्यायचे, अशी त्याची निधीची सोय. तत्त्व तेच, नगामागे थोडे पैसे बाजूला काढा.

नवा कायदा कोणाला बघतो?

केंद्राच्या चार कामगार संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाल्या. त्यातल्या सामाजिक सुरक्षा संहितेत 'गिग कामगार' आणि 'प्लॅटफॉर्म कामगार' हे शब्द देशाच्या कायद्यात पहिल्यांदा आले. ॲप कंपन्यांनी वार्षिक उलाढालीच्या १ ते २ टक्के रक्कम सामाजिक सुरक्षेसाठी द्यायची, मात्र ती कामगारांना दिलेल्या एकूण पैशांच्या ५ टक्क्यांपेक्षा जास्त असणार नाही. कुठल्या कंपन्या यात येतात त्याची यादी संहितेच्या सातव्या अनुसूचीत आहे: टॅक्सी, जेवण-किराणा पोहोचवणं, मालवाहतूक, ऑनलाइन बाजार, प्रवास, आरोग्यसेवा वगैरे नऊ प्रकार.

हे चांगलंच झालं. पण आता तो जुना प्रश्न विचारू. किलोवर कापूस वेचणाऱ्या बाईचा 'ॲग्रिगेटर' कोण?

शेतकरी? ज्याच्याकडे पाच एकर आहेत आणि जो स्वतः कर्जात आहे, तो काय लेव्ही भरणार? व्यापारी, जिनिंगवाला, कापड कंपनी, की पेलेडच्या पहिल्या फिल्ममधलं ते मोठं दुकान? साखळी लांब आहे, आणि जो जितका लांब तो तितका सुरक्षित. ऊसतोडीत निदान साखर कारखाना नावाचं एक धुराडं दिसतं, त्यामुळे टनामागे १० रुपये कोणाकडून मागायचे ते कळतं. कापसात, सोयाबीनमध्ये असं धुराडं नाही. म्हणून वेचणीवाली बाई कायद्यात 'असंघटित कामगार' या मोठ्या पोत्यात जाते. तिच्यासाठी ई-श्रम पोर्टल आहे, ऑगस्ट २०२१ मध्ये सुरू झालेलं. त्यावर देशभरात ३० कोटींहून जास्त नोंदण्या झाल्यात आणि त्यातल्या निम्म्याहून जास्त शेतीकामाच्या रकान्यात आहेत. कार्ड मिळालं. पण त्या कार्डामागे तिच्या कामावर लेव्ही भरणारा कोणी नाही. डिलिव्हरीवाल्याच्या बाबतीत निदान तो कागदावर आहे.

माझ्या मते सगळ्या चर्चेतली खरी गोम इथे आहे. कायदा त्यालाच संरक्षण देतो जो दिसतो. आणि दिसणं हे कॅमेरा कुठे लावलाय यावर बरंच अवलंबून असतं.

वावरात काय बदललं, ते बातमीत आलंच नाही

एक उदाहरण देते. सोयाबीनमध्ये तणनाशकं आली, इमॅझिथापर वगैरे. आधी निंदणाला बायकांच्या टोळ्या लागायच्या, आता एक माणूस पाठीवर पंप घेऊन एका दिवसात काही एकर फवारतो. पुढे सोंगणीला हार्वेस्टर आला. शेतकऱ्याच्या बाजूनं बघितलं तर यात चूक काही नाही. पाऊस चार दिवसांवर असताना मजूर मिळत नसतील, तर तो काय करणार? पण निंदणाचे ते सगळे रोज गेले कुठे, ही बातमी कुठल्याच पेपरच्या पहिल्या पानावर आली नाही.

जून २०१९ मध्ये शेजारच्या अकोला जिल्ह्यात, अकोट तालुक्यात, शेतकरी संघटनेनं परवानगी नसलेलं एचटीबीटी कापसाचं बियाणं जाहीरपणे पेरलं. देशभर गाजलं. जीएम बियाणं, पर्यावरण, कायदेभंग, तंत्रज्ञानाचं स्वातंत्र्य अशी सगळी चर्चा झाली. पण एचटी म्हणजे तणनाशक सहन करणारं. शेतकऱ्यांचा एक मुख्य मुद्दा निंदणाचा खर्च हाच होता. म्हणजे बियाण्याची बातमी म्हणून छापली गेलेली ती गोष्ट मजुरीचीही होती, आणि जिच्या मजुरीबद्दल ती होती, त्या निंदणाऱ्या बाईला टीव्हीच्या चर्चेत खुर्ची नव्हती.

पी. साईनाथ यांनी ग्रामीण बायकांच्या कामाच्या फोटोंचं जे प्रदर्शन केलं, त्याचं नावच 'दिसणारं काम, न दिसणाऱ्या बायका' अशा अर्थाचं आहे. विदर्भातल्या शेतकरी आत्महत्यांबद्दल साईनाथ यांच्या पत्रकारितेवर दीपा भाटिया यांनी 'नीरोज गेस्ट्स' (२००९) हा माहितीपट केला. त्या काळातला सगळ्यात जास्त राग येईल असा तो दस्तऐवज आहे. पण लक्षात घ्या, आपल्या भागावरच्या बहुतेक फिल्म्स मरणाभोवती फिरतात. आत्महत्या झाली की कॅमेरा येतो. रोजचं काम, ज्यात कोणी मेलेलं नाही, ते दाखवायला कोण येणार?

आता समृद्धी महामार्गानं आणखी एक बदल आणलाय. ७०१ किलोमीटरचा हा रस्ता कारंजा, मंगरूळपीर, मालेगाव तालुक्यांतून जातो. नागपूर ते शिर्डी हा टप्पा डिसेंबर २०२२ मध्ये सुरू झाला आणि जून २०२५ मध्ये शेवटचा टप्पा खुला झाल्यावर तो मुंबईच्या दारापर्यंत पोहोचला. ज्या मार्गानं सोयाबीन लवकर जातं, त्याच मार्गानं पोरंही लवकर जातात. पुण्यात डिलिव्हरी करणारा मुलगा आणि गावात वेचणीला जाणारी त्याची आई, हे आता एकाच घरातले दोन नगावरचे कामगार आहेत. एकाला कायद्यानं नाव दिलंय, दुसरीला अजून नाही.

फिल्म करून काय होतं?

हा प्रश्न मी विचारत नाहीये. तो कॅमेऱ्यासमोरच्या माणसांनीच विचारलाय.

पटवर्धनांच्या 'हमारा शहर' (१९८५) मध्ये झोपडपट्टी पाडली जात असताना एक बाई थेट फिल्मवाल्यांवरच भडकते. गरिबांचे फोटो काढून तुम्ही काय करणार, असा तिचा रोख आहे. पटवर्धनांनी तो भाग काढून टाकला नाही. राहुल जैन यांच्या 'मशीन्स' (२०१६) मध्ये गुजरातमधल्या कापड कारखान्यातले कामगार शेवटाकडे कॅमेऱ्याभोवती गोळा होतात आणि साधारण असंच म्हणतात की आम्ही काय करायचं ते सांगा, आम्ही करू, नाहीतर तुम्हीही आधीच्यांसारखे बघून निघून जाल. या फिल्मला छायाचित्रणासाठी सनडान्सला पुरस्कार मिळाला. ती दिसायला फार सुंदर आहे, आणि बघताना तेच टोचत राहतं.

दोन्हींची उत्तरं फिल्ममध्ये नाहीत. 'ऑक्युपेशन: मिल वर्कर'नंतर मिल्स वाचल्या नाहीत, तिथे मॉल झाले. पण गिरणी कामगारांच्या घरांचा प्रश्न पुढे कितीतरी वर्षं लढवला गेला, तेव्हा 'इथे माणसं काम करत होती' हे वेगळं सिद्ध करावं लागलं नाही. कापूस वेचणाऱ्या बाईला ते अजून सिद्ध करावं लागतं. तिचं नाव सातबाऱ्यावर नाही, हजेरीपटावर नाही, आणि कोयत्यात ती अर्धी आहे.

मोबाइलवर दोन मिनिटं

मास कॉमला असताना आम्हाला ल्युमिए बंधूंची १८९५ ची पहिली फिल्म दाखवली होती. मिनिटभराचीसुद्धा नाही. फ्रान्समधल्या लिऑनच्या कारखान्याचं दार उघडतं आणि कामगार बाहेर पडतात. जर्मन माहितीपटकार हारून फारोकी यांनी बरोबर १०० वर्षांनी यावर एक फिल्म केली आणि एक साधी गोष्ट दाखवून दिली: सिनेमाचा जन्म कामगारांना दाखवत झाला, पण काम संपवून बाहेर पडताना. आतलं काम दाखवायला कॅमेरा फारसा गेलाच नाही.

मग २०११ पासून फारोकी आणि आंतजे एहमान यांनी जगातल्या १५ शहरांत कार्यशाळा घेतल्या. त्यात आपलं बेंगळुरूही होतं. नियम दोनच: विषय काम, आणि एक ते दोन मिनिटांचा एकच शॉट, मधे कट नाही. संगीत टाकून रडवायचं नाही, वेगानं पळवायचं नाही. काम जितका वेळ घेतं, तितका वेळ बघायचं.

हा नियम रीलच्या अगदी उलट आहे, पण लागतो तोच मोबाइल जो आपल्या सगळ्यांच्या खिशात आहे. वाशिममध्ये असा शॉट कुठे लावता येईल, याचा विचार केला तर मला वेचणीची दुपार सुचत नाही. कॅलेंडरवर छापलेलं ते पांढरंशुभ्र दृश्य खूप झालं. मला संध्याकाळ सुचते. वावराच्या धुऱ्यावर काटा टांगलाय. बायका आपापलं गाठोडं घेऊन रांगेत थांबल्यात. एक गाठोडं आकड्याला अडकवलं जातं, काटा थरथरतो, थांबतो. मालक वजन मोठ्यानं सांगतो आणि वहीत लिहितो. बाई काट्याकडे बघते, मग वहीकडे, आणि पुढचीला जागा देते.